साहेबमामांचे देहू : शेख फत्तेलाल यांच्या कलादिग्दर्शनाचा विचार

चित्रपटाच्या समीक्षेत कलादिग्दर्शकाच्या वाट्याला साधारणतः एकच वाक्य येते. नेपथ्य भव्य असले तर 'भव्य आहे' असे म्हटले जाते, आणि भव्य नसले तर 'प्रसंगानुरूप आहे' असे म्हणून समीक्षक पुढच्या परिच्छेदाकडे वळतो. भव्यतेविषयी बोलण्यास आपणाजवळ विशेषणे पुष्कळ आहेत, परंतु अनुरूपतेविषयी बोलण्यास ती नाहीत. भाषेतील ही उणीव ज्यांना सर्वांत अधिक भोवली असे कलावंत म्हणजे प्रभात फिल्म कंपनीचे कलादिग्दर्शक शेख फत्तेलाल होत. त्यांची जी कामगिरी सर्वश्रेष्ठ, तीच सर्वांत कमी दिसली. आणि ती दिसली नाही हेच तिचे यश असल्यामुळे तिच्याविषयी बोलावयाचे कसे, हा पेच आजही सुटलेला नाही.

या विषयाकडे माझे लक्ष वळले ते एका वर्गातील प्रसंगाने. संतकाव्याच्या भाषेचा अभ्यास करणाऱ्या पदव्युत्तर विद्यार्थ्यांना मी 'संत तुकाराम' हा 1936 चा बोलपट दाखविला होता. त्यानंतर आलेल्या निबंधांपैकी एकात सतराव्या शतकातील कुणबी घराचे वर्णन होते आणि आधार म्हणून सरळ त्या बोलपटाचा निर्देश होता. चर्चेच्या वेळी नायगावहून येणारा एक विद्यार्थी म्हणाला, "सर, ह्या पिक्चरमध्ये सेट नाहीच." हा मुलगा सेट म्हणजे काय ते जाणत नव्हता असे नाही. वसई-नायगाव परिसरात दूरचित्रवाणी मालिकांचे सेट उभे राहतात. पुढून राजवाडा आणि मागून प्लायवूड व बांबू, हे दृश्य आमच्याकडील मुलांना नवे नाही. वसईच्या किल्ल्यातील पडक्या भिंती चित्रीकरणासाठी वापरल्या जातात, हेही त्यांना ठाऊक असते. अशा जाणत्या डोळ्यालाही जेथे सेट दिसला नाही, तेथे नेमके काय घडले असावे? माझ्या मते निबंध लिहिणारा आणि 'सेट नाहीच' म्हणणारा, दोघेही एकाच चुकीच्या दोन बाजू होते. दोघांनीही एका कलावंताने लावलेला अर्थ हा वस्तुस्थितीचा पुरावा म्हणून स्वीकारला होता.

येथे दोन शब्दांचा विचार केला तर तो विषयांतर ठरू नये. 'नेपथ्य' हा शब्द संस्कृतात पडद्याआडची जागा आणि नटाचा वेषभूषासंभार या अर्थांनी येतो. रंगमंचावरील दृश्यरचना हा त्याचा आजचा अर्थ मराठीत रुळलेला आहे. म्हणजे जे पडद्यामागे होते त्याचे नाव आपण पडद्यापुढे असलेल्या गोष्टीस दिले. दुसरा शब्द 'देखावा'. जुन्या रंगभूमीवर रंगविलेल्या पडद्यास देखावा म्हणत, आणि व्यवहारात खोट्या प्रदर्शनासही देखावाच म्हणतात. मराठी बोलणाऱ्याने दृश्यरचना आणि ढोंग यांस एकच नाव द्यावे, यात त्याचा रंगविलेल्या पडद्यांविषयीचा अनुभव साठविलेला आहे असे मला वाटते. फत्तेलाल यांच्या कारकिर्दीचे वर्णन, 'देखावा' या शब्दाच्या पहिल्या अर्थास दुसऱ्या अर्थापासून सोडविण्याचा प्रयत्न, असे करता येईल.

फत्तेलाल हे कोल्हापूरजवळच्या कागलचे. त्यांचे शिक्षण झाले ते बाबूराव पेंटर यांच्या हाताखाली, महाराष्ट्र फिल्म कंपनीत. बाबूराव स्वतः रंगविलेल्या पडद्यांच्या परंपरेतून आलेले. पण चित्रपटात त्यांनी पडदा टाकून देऊन खोली असलेली, नटास आत-बाहेर वावरता येईल अशी वास्तू उभारण्याचा आग्रह धरला, आणि 'सिंहगड' (1923) मध्ये कृत्रिम प्रकाशाचा उपयोग करून रात्र दाखविली. या शाळेत फत्तेलाल आणि विष्णुपंत दामले यांची जोडी जमली. 1928 मध्ये दोघांनी तेथेच 'महारथी कर्ण' दिग्दर्शित केला, आणि 1 जून 1929 रोजी शांताराम वणकुद्रे, केशवराव धायबर व सीतारामपंत कुलकर्णी यांच्यासह कोल्हापुरात प्रभात कंपनी स्थापन केली. 1933 मध्ये कंपनी पुण्यास आली. फत्तेलाल यांस सारे जण 'साहेबमामा' म्हणत. या संबोधनातील 'साहेब' कोठला आणि 'मामा' कोठला हे वेगळे सांगण्याची गरज नाही. कोल्हापूरकडच्या बोलण्यात ते दोन्ही शब्द शेजारी बसतात आणि कोणास त्याचे आश्चर्य वाटत नाही.

त्या काळच्या कलादिग्दर्शकापुढील तांत्रिक अडचण आज सहसा ध्यानात येत नाही. मूकपटांच्या काळातील बहुतांश फिल्म तांबड्या रंगास आंधळी असे. कुंकवाचा लाल ठिपका पडद्यावर काळा उमटे आणि निळे आकाश पांढरे पडे. पुढे सर्व रंगांस प्रतिसाद देणारी फिल्म आली, तरी शेवटी हाती उरत ते राखाडी रंगाचे कमी-अधिक उजळपणच. म्हणून भिंत कोणत्या रंगाने रंगवावी हा प्रश्न डोळ्यास काय दिसते यावरून सोडविता येत नसे. कॅमेरा त्या रंगाचे काय करील याचा अंदाज मनात बाळगूनच रंग कालवावा लागे. चित्रकाराच्या हातास हे एका अर्थाने भाषांतर होते. फत्तेलाल यांच्या भिंती सपाट दिसत नाहीत, त्यांवर ओल, धूर आणि हात लागून आलेला गुळगुळीतपणा जाणवतो, याचे मूळ या शिक्षणात आहे.

परंतु एखाद्या कलावंताचा हात ओळखावयाचा तर केवळ गुणवर्णन पुरत नाही. प्रभातमध्ये तर काम एकमेकांत इतके मिसळलेले असे की दिग्दर्शकाचे किती, छायालेखकाचे किती आणि कलादिग्दर्शकाचे किती, याचा निवाडा कठीण आहे. येथे आमच्या शास्त्रातील एक साधी रीत उपयोगी पडते. दोन शब्दांत एकाच ध्वनीचा फरक असेल आणि अर्थ बदलत असेल, तर त्या ध्वनीचे कार्य आपोआप निश्चित होते. प्रभातच्या चित्रपटांत दिग्दर्शक बदलतात. 'अमृतमंथन', 'कुंकू', 'माणूस' शांताराम यांचे. 'संत तुकाराम', 'गोपाळकृष्ण', 'संत ज्ञानेश्वर' दामले-फत्तेलाल यांचे. 'रामशास्त्री' गजानन जागीरदार यांचा. कलादिग्दर्शक मात्र तोच राहतो. मग जे सर्वांत समान आढळते ते त्याचे, आणि जे बदलते ते त्याने कोणत्या गरजेपोटी बदलले, असा शोध घेता येतो.

'अमृतमंथन' (1934) मधील देवीचे मंदिर पाहा. अजस्र मूर्ती, उंच खांब, मशालींचा उजेड, आणि त्यांपुढे खुजी झालेली माणसे. येथे वास्तू ही सत्ता आहे. इटलीतील 'काबिरिया' (1914) या मूकपटात मोलोख देवतेचे जे प्रचंड मंदिर उभारले होते, त्याच जातीची ही कल्पना आहे : देव जितका मोठा, तितका त्याचा पुरोहित भयंकर. 1936 च्या 'अमरज्योती'त समुद्र, जहाजे आणि चाचेगिरी करणारी राणी आहे. तेथे वास्तू साहसकथेस साजेशी, किंचित अद्भुत आहे. आणि त्याच वर्षी, त्याच स्टुडिओत, त्याच हाताने देहूचे घर उभारले. या दोन कृती शेजारी ठेवल्या म्हणजे साधेपणा ही फत्तेलाल यांची मर्यादा नव्हती, ती निवड होती, हे निर्विवाद ठरते. 'सेट नाहीच' असे म्हणणाऱ्यास एवढेच उत्तर पुरेसे आहे.

एक मुद्दा मात्र मला याहून महत्त्वाचा वाटतो, आणि तो मराठी चित्रपटाच्या इतिहासलेखनात पुरेसा पुढे आलेला नाही. प्रभातचे अनेक बोलपट दोन भाषांत निघत : 'अयोध्येचा राजा' हिंदीतही निघाला, 'कुंकू' हिंदीत 'दुनिया न माने' झाला, 'माणूस' 'आदमी' झाला, 'शेजारी' 'पडोसी' झाला. संवाद बदलत, काही नट बदलत ('शेजारी'त मिर्झाचे काम जागीरदारांनी केले, तर हिंदीत हिंदू शेजाऱ्याचे काम मझहर खान यांनी), पण सेट बदलत नसे. म्हणजे या द्विभाषिक कृतीत भाषांतर न होणारा एकमेव मजकूर कलादिग्दर्शकाचा होता. त्यास एकाच वेळी दोन प्रेक्षकवर्गांशी बोलावे लागे, आणि जो दोन भाषकांशी एकच वाक्य बोलतो तो साहजिकच दोहोंना समजेल असे, थोडे सामान्य वाक्य निवडतो. 'संत ज्ञानेश्वर' (1940) असाच दोन भाषांतला आहे. त्यातील वास्तू स्वच्छ, प्रमाणबद्ध, थोडी धर्मग्रंथातील चित्रासारखी आहे. ती आळंदी असू शकते तशी इतर कोणतेही तीर्थक्षेत्र असू शकते. (त्यात भिंत चालते. कलादिग्दर्शकाने उभारलेल्या भिंतीस खुद्द पात्र होण्याचा मान मिळावा असे दुसरे उदाहरण मला आठवत नाही.) 'संत तुकाराम' मात्र मराठीत, मराठी प्रेक्षकांसाठी झाला. त्यातील घरास कोणापुढेही स्वतःचा अर्थ उलगडून सांगावा लागत नाही. बोलीत बोलणारा माणूस ज्या निःशंकपणे अर्धे वाक्य गाळतो, त्या निःशंकपणे हे घर पुष्कळ काही गाळते.

'कुंकू'चे उदाहरण या मताविरुद्ध पुढे करता येईल, हे मी मान्य करतो. काकासाहेबांचे घर दोन भाषांत उभे राहूनही पुरते पुणेरी वाटते. त्यातील आरसा आणि घड्याळ या वस्तू तर म्हाताऱ्या नवऱ्याविरुद्ध साक्ष देत असतात. परंतु तेथे वस्तू बोलतात त्या खुणा म्हणून. आरसा दिसला की प्रेक्षकाने वार्धक्य समजावे, अशी योजना आहे. ती प्रभावी आहे, पण तिचे बोलणे ऐकू येते. तुकोबांच्या घरातील वस्तू असे काही सुचवीत नाहीत. त्या वापरल्या जातात, इतकेच.

आणि कोणाकडून वापरल्या जातात हे पाहण्यासारखे आहे. त्या घरातील चूल, भांडी, म्हैस हे सर्व जिजाईचे आहे. गौरीबाईंची जिजाई घरात वावरते तेव्हा प्रत्येक वस्तूस तिचा हात ठाऊक असतो. विष्णुपंत पागनीस यांचे तुकोबा त्याच घरात येतात तेव्हा ते घर जणू रिकामे होते. ते कोणत्याही वस्तूस मालकाच्या हाताने स्पर्श करीत नाहीत. एकाच वास्तूत दोन घरे नांदतात : एक भरलेले, एक मोकळे. नवरा-बायकोतील संघर्ष संवादांत यावयाच्या आधीच जागेच्या रचनेत आलेला असतो. याउलट सालोमालोची खोली पाहावी. तेथे बैठक आहे, दागिने आहेत, नाचणारीण आहे. पण कामाची वस्तू एकही नाही. दुसऱ्याचे अभंग स्वतःच्या नावावर खपविणाऱ्या माणसाच्या घरात श्रमाची खूण असू नये, हा बारकावा दिग्दर्शक फत्तेलाल यांस सुचला की कलादिग्दर्शक फत्तेलाल यांस, हा प्रश्न अर्थात व्यर्थ आहे.

या रचनेचा कस लागतो तो शिवाजीमहाराजांकडून नजराणा येतो त्या प्रसंगी. तबके येतात, उंची वस्त्रे येतात, जिजाई आणि मुले ती अंगावर घालून हरखून जातात. तुकोबा काही बोलण्यापूर्वीच प्रेक्षकास कसेसेच होते. का? तासभर आपले डोळे माती, घोंगडी आणि जाडेभरडे सूत यांनाच सरावलेले असतात. त्या उजेडात जरीचे वस्त्र न रुळलेल्या परभाषेतील शब्दासारखे खटकते. येथे कलादिग्दर्शकाने काहीही भव्य केलेले नाही. त्याने केवळ आधीचा तासभर संयम पाळला आहे. नजराणा परत पाठविणाऱ्या तुकोबांचा निर्णय आपणास पटतो तो उपदेशामुळे नव्हे, तर डोळ्यांना त्या वस्तू परक्या वाटल्या म्हणून.

याच बोलपटात शांताराम आठवले यांनी लिहिलेले एक पद जाणकारांनाही तुकोबांचाच अभंग वाटले, ही गोष्ट सर्वश्रुत आहे. आठवल्यांनी जुने शब्द जागोजाग पेरले असते तर ती फसवणूक पहिल्या ओळीतच उघड झाली असती. त्यांनी शब्दांपेक्षा वाक्याची ठेवण, विरामाची जागा आणि विचाराची चाल उचलली. फत्तेलाल यांनीही जुन्या वस्तूंचे प्रदर्शन मांडले नाही. त्या घरात राहणाऱ्या माणसाच्या हालचालीचे व्याकरण उभे केले. म्हणूनच माझ्या विद्यार्थ्याने ते पुरावा म्हणून दिले. आठवल्यांचे पद तुकोबांच्या गाथेत घालणारा संपादक जितका चुकेल, तितकाच तोही चुकला. पण दोघांच्या चुकीत कलावंताचा गौरवच आहे. तरीही चूक ती चूकच. आज तुकोबांचे घर म्हटले की पुष्कळ मराठी मनांपुढे जे चित्र उभे राहते, त्याचा बराच भाग 1936 मध्ये प्रभातच्या आवारात तयार झालेला आहे, हे संशोधकाने विसरता कामा नये.

फत्तेलाल यांच्याविषयी लिहिताना 'मुसलमान असूनही' हा शब्दप्रयोग आदराने केलेला आढळतो. आदर खरा असला तरी प्रयोग चुकीचा आहे. 'असूनही' या रूपात विरोध गृहीत धरलेला असतो : पाऊस असूनही तो आला, म्हणजे पावसात येणे अपेक्षित नव्हते. ज्या परंपरेत श्रीगोंद्याचे शेख महंमद हे 'योगसंग्राम' लिहितात आणि संतमालिकेत मानाने बसतात, त्या परंपरेत शेख फत्तेलाल यांनी देहूचे घर उभारण्यात अपेक्षाभंग कसला? कागल-कोल्हापूरच्या माणसास वारकऱ्याचे घर पुस्तकातून शिकावे लागत नव्हते. त्यांचे देहू हे परक्याने केलेले भाषांतर नव्हे.

हा बोलपट मुंबईत वर्षाहून अधिक काळ चालला, आणि 1937 मध्ये व्हेनिस येथील आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात त्याचा विशेष गौरव झाला. हा गौरव आपण वारंवार सांगतो, पण तो कोणत्या वातावरणात झाला हे पाहत नाही. त्याच वर्षी एप्रिलमध्ये रोमजवळ 'चिनेचित्ता' या विशाल स्टुडिओनगरीचे उद्घाटन झाले होते. त्याच महोत्सवात सर्वोत्तम इटालियन चित्रपटाचा मुसोलिनी चषक 'शिपिओने लाफ्रिकानो' या चित्रपटास मिळाला. हत्ती, सैन्ये आणि रोमच्या साम्राज्याचे वैभव हा त्याचा विषय. दगडी खांबांनी राष्ट्राचा अभिमान सांगणाऱ्या त्या पडद्यावर एका मातीच्या घराचे चित्र आले, आणि तेथील परीक्षकांनी त्याची दखल घेतली. त्यांना मराठी येत नव्हते. म्हणजे त्यांनी जे वाचले त्यात पागनिसांचा चेहरा आणि केशवराव भोळे यांचे संगीत यांच्या बरोबरीने फत्तेलाल यांचे घर होते.

इटलीत संताच्या चरित्रासाठी साधी भूमी शोधण्याचा प्रश्न पुढे पासोलिनी यांस पडला. 1963 मध्ये ते पॅलेस्टाइन हिंडून आले, तेथे आधुनिक जीवनाच्या खुणा फार दिसल्या, आणि 'मत्तयकृत शुभवर्तमान' (1964) त्यांनी दक्षिण इटलीतील मातेरा या दगडी गावात चित्रित केले. कलादिग्दर्शक होते लुइजी स्काच्यानोचे, आणि त्यांच्या हाताखाली काम करणारा तरुण दान्ते फेर्रेत्ती पुढे जगद्विख्यात झाला. पासोलिनींची रीत गाव शोधण्याची आणि फत्तेलाल यांची गाव रचण्याची. खरे देहू पुण्यापासून काही कोसांवर असताना घर आणि देऊळ स्टुडिओत का उभारले, असे कोणी विचारील. ध्वनिमुद्रणाची बोजड यंत्रे आणि दिव्यांची गरज हे उत्तर खरे आहे, पण अपुरे आहे. खरे गाव जसे असते तसे मिळते. त्यात एखादी वस्तू 'नसणे' कलावंताच्या हाती नसते. आणि आपण पाहिले की फत्तेलाल यांची सारी भिस्त नसण्यावर होती.

पुढील कारकीर्द थोडक्यात सांगता येते. 1942 मध्ये शांताराम कंपनी सोडून गेले, 1945 मध्ये दामले वारले. 'रामशास्त्री' (1944) मधील पेशवाई दरबार अभ्यासपूर्ण आहे, पण तो पाहताना अभ्यासच दिसतो. 1955 मध्ये फत्तेलाल यांनी एकट्याने 'जगद्गुरू शंकराचार्य' दिग्दर्शित केला, आणि 1964 मध्ये ते निवर्तले. त्याआधी, 1960 मध्ये, प्रभातच्या आवारात शासकीय चित्रपटशिक्षण संस्था सुरू झालेली होती.

'संत तुकाराम'मधील चमत्कारांविषयी मात्र बोलले पाहिजे, कारण आक्षेप तेथेच घेतला जातो. नदीत बुडविलेल्या वह्या परत येणे, धान्याची रास, एका शिवाजीचे अनेक शिवाजी होणे, ही दृश्ये आजच्या डोळ्यास बाळबोध वाटतात. आणि शेवटी वैकुंठाहून गरुडाचे विमान येते, ते तर सरळ जुन्या संगीत नाटकातून आल्यासारखे आहे. येथे 'देखावा' आपल्या दोन्ही अर्थांनी परत येतो. हा फत्तेलाल यांचा पराभव आहे असे मी पूर्वी मानीत असे. अलीकडे तो प्रसंग पुन्हा पाहताना माझे लक्ष विमानाकडे गेले नाही. तुकोबा जिजाईस बोलावतात, आणि ती जात नाही. तिला घरचे काम आहे, मुले आहेत. विमान नाटकातले आहे आणि चूल खरी आहे. दोन्ही एकाच कलादिग्दर्शकाने एकाच चित्रात शेजारी ठेवली आहेत, आणि जिजाई चुलीपाशी राहते.